ग्रहाला वेढणारं ऊर्जाजाळं: कल्पनेमागचा खरा इतिहास

विज्ञानाचा साज चढवलेल्या अद्भुतकथांत एक कल्पना पुन्हा पुन्हा भेटते. मनोऱ्यांचं एक जाळं अख्ख्या ग्रहाला वेढून असतं. कुठे ऊर्जा उसळली तर ते शोषून घेतं, कुठे ओहोटी लागली तर भर घालतं. एक मनोरा ढासळला की सारा ग्रह डळमळतो. यातले मनोरे आणि त्यांच्या गाभ्यातले स्फटिक कल्पनेतले खरे. पण सगळ्यात अद्भुत वाटणारी गोष्ट, म्हणजे क्षणाक्षणाला तोल सांभाळणं, ही मात्र आपल्या घरातल्या प्लगमागे रोज घडते. तिची हकीकत कुठल्याही कादंबरीइतकी रंगतदार आहे असं मला मनापासून वाटतं.

मनोऱ्याचा प्रत्यक्षातला पूर्वज न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर उभा राहिला. १९०१ मध्ये निकोला टेस्लाने तिथे वॉर्डनक्लिफचं बांधकाम सुरू केलं. १८७ फूट उंची, माथ्यावर घुमट, आणि पृथ्वीलाच वाहक बनवून बिनतारी वीज जगभर पोचवायचं स्वप्न. बडे बँकर जे. पी. मॉर्गन यांनी दीड लाख डॉलर दिले, पुढे मात्र हात आखडता घेतला. १९१७ मध्ये मनोरा पाडण्यात आला. वीज जगात पसरली ती तारांवरूनच, आणि तारांबरोबर तोलाचा प्रश्न आला.

तारेत वीज साठून राहत नाही. या क्षणी जेवढी लागते, तेवढी याच क्षणी तयार व्हावी लागते. औष्णिक केंद्रातलं मोठं जनित्र मिनिटाला ३,००० फेरे घेतं, त्यातून ५० हर्ट्झ, म्हणजे सेकंदाला ५० आवर्तनं, ही वारंवारता येते. एका ग्रीडला, म्हणजे वीजवाहिन्यांच्या सामायिक जाळ्याला, जोडलेली सगळी जनित्रं याच एका ठेक्याला बांधलेली असतात. रत्नागिरीत कोणी विहिरीवरचा पंप सुरू केला की त्याचा कणभर भार हजार मैलांवरच्या जनित्रांच्या चाकांवरही पडतो. मागणी वाढली की सगळी चाकं केसभर मंदावतात, घटली की वेग घेतात. म्हणून भार प्रेषण केंद्रात, म्हणजे ग्रीडचा तोल सांभाळणाऱ्या नियंत्रण कक्षात, सगळ्यांची नजर एका आकड्यावर खिळलेली असते: ४९.९८, ५०.०१, ४९.९५.

दोन ग्रीड जोडणं हे तर फार नाजूक काम. पॅनलवर सिंक्रोस्कोप नावाचं घड्याळासारखं यंत्र असतं. दोन्हीकडच्या ठेक्यांत जेवढा फरक, तेवढ्या वेगाने त्याचा काटा फिरतो. काटा अगदी संथ झाला आणि बाराच्या खुणेवर येऊ लागला की ब्रेकर, म्हणजे मोठा खटका, मिटवून दोन्ही ग्रीड जोडायचे. वेळ चुकली तर यंत्रांना जबर हिसका बसतो.

भारतात पाच प्रादेशिक ग्रीड होते आणि प्रत्येकाचा ठेका वेगळा होता. १९९१ मध्ये पूर्व आणि ईशान्य जोडले गेले, २००३ मध्ये त्यांना आपला पश्चिम ग्रीड मिळाला, २००६ मध्ये उत्तर आला. दक्षिण वेगळाच राहिला. त्याच्याशी देवाणघेवाण व्हायची ती चंद्रपूर जिल्ह्यातल्या भद्रावतीसारख्या केंद्रांतून. तिथे वीज आधी डीसी (एकाच दिशेने वाहणारी, ठेका नसलेली) करायची, मग पुन्हा एसी (ठेक्यात दिशा बदलणारी) करून पलीकडे द्यायची, म्हणजे दोन ठेके एकमेकांत अडकत नाहीत. अखेर ३१ डिसेंबर २०१३ रोजी सोलापूर-रायचूर ही ७६५ किलोव्होल्टची वाहिनी सुरू झाली आणि काश्मीरपासून कन्याकुमारीपर्यंत एकच ठेका वाजू लागला. सोलापूरची ओळख सांगताना चादरीबरोबर हेही सांगायला हवं.

या जोडणीच्या दीड वर्ष आधीच ग्रीडने आपला धाक दाखवला होता. ३० जुलै २०१२ च्या पहाटे अडीचच्या सुमारास मध्य प्रदेशातली बिना-ग्वाल्हेर वाहिनी जादा भाराने बंद पडली आणि उत्तर ग्रीड कोसळला. तो कसाबसा उभा केला, तर दुसऱ्या दिवशी दुपारी उत्तर, पूर्व आणि ईशान्य असे तिन्ही कोलमडले. साठ कोटींहून जास्त लोकांची वीज गेली, रेल्वेगाड्या जागच्या जागी थांबल्या, पूर्वेकडच्या खाणींत कामगार अडकले. एक मनोरा पडला की ग्रह डळमळतो, ते हे असं.

त्याआधीची शिस्त तर फारच ढिली होती. भारनियमनाच्या काळात वारंवारता ४९ च्याही खाली उतरायची. २००२ मध्ये पश्चिम विभागापासून एक नवी दरपद्धत आली: वारंवारता घसरलेली असताना ठरल्यापेक्षा जास्त वीज ओढली तर जबर दर. खिशाला चाट बसू लागल्यावर आकडा सावरायला लागला. आज ४९.९० ते ५०.०५ हा पट्टा पाळायचा असतो. ५ एप्रिल २०२० च्या रात्री नऊ वाजता देशभर दिवे मालवले गेले, तेव्हा मागणी काही मिनिटांत सुमारे ३१ हजार मेगावॅटने घसरली. जलविद्युत केंद्रांनी झपाट्याने उत्पादन उतरवलं, पुन्हा चढवलं, आणि ग्रीड टिकला. त्या रात्री पॅनलसमोर बसलेल्यांचं कौतुक व्हावं तेवढं थोडंच.

युरोपातला प्रसंग याहून सौम्य, पण मला फार आवडतो. २०१८ च्या सुरुवातीला सर्बिया आणि कोसोव्होच्या वादात काही वीज ग्रीडमध्ये आलीच नाही. पोर्तुगालपासून तुर्कस्तानपर्यंतचा ठेका इतका किंचित मंदावला की कोणाला जाणवलंही नाही. पण वारंवारतेवर चालणारी ओव्हनवरची घड्याळं मार्चपर्यंत सहा मिनिटं मागे पडली.

आता अख्ख्या ग्रहाचं जाळं कागदावर आलंय. सूर्य कुठे ना कुठे उगवलेला असतोच, तेव्हा देशादेशांचे ग्रीड जोडावेत, हा भारताने मांडलेला विचार २०२१ मध्ये ग्लासगोच्या हवामान परिषदेत ब्रिटनबरोबर जाहीर झाला. अडचण अशी, की सौर पॅनलमध्ये फिरणारं चाकच नसतं. जड चाकांचा वेग एकदम बदलत नाही, म्हणून धक्का बसला की ती काही क्षण ग्रीडला सावरून धरतात. कोळशाची केंद्रं बंद होत जातील तशी ही चाकंही जातील. दक्षिण ऑस्ट्रेलियात २०२१ मध्ये यासाठी चार मोठे सिंक्रोनस कंडेन्सर, म्हणजे जड चाकांची फिरती यंत्रं, बसवले गेले. त्यांत इंधन जळत नाही, त्यांच्यातून वीज तयार होत नाही. ग्रीडच्या ठेक्यात ते रात्रंदिवस नुसते फिरत राहतात.