स्टँटन कोण आणि वॉल्श कोण?

रॉजर एबर्ट या अमेरिकी समीक्षकाने गमतीत एक नियम सांगितला होता: हॅरी डीन स्टँटन किंवा एम. एमेट वॉल्श सहायक भूमिकेत असला, तर तो सिनेमा अगदीच टाकाऊ निघत नाही. पुढे अपवाद निघाले, एक तर त्यानेच कबूल केला. पण दोन नावं जोडली गेली ती गेलीच. 'अरे, तो हा!' म्हणताना नेमका कुठला, हा घोळ अजून होतो.

घोळ सोडवायला 'स्ट्रेट टाइम' (१९७८) बघावा, त्यात दोघंही आहेत. डस्टिन हॉफमन हा तुरुंगातून सुटलेला चोर. वॉल्श त्याचा पॅरोल अधिकारी: सुटलेलं पोट, गोडगोड बोलणं आणि आतून पक्की दादागिरी. काटकुळा स्टँटन जुना साथीदार, आता संसाराला लागलेला. घरामागे पोहण्याचा तलाव, शेगडीवर मांस भाजतंय, आणि बायको जरा बाजूला होताच तो हॉफमनला म्हणतो, मला इथून बाहेर काढ. बस, माणूस कळला.

खरी गंमत १९८४ची. त्या वर्षी दोघांच्या वाट्याला मोठ्या भूमिका आल्या, दोन्ही मोठ्या स्टुडिओंबाहेर बनलेल्या सिनेमांत आणि दोन्ही टेक्सासच्या मातीतल्या. विम वेंडर्सच्या 'पॅरिस, टेक्सास'मध्ये स्टँटन वाळवंटातून चालत येतो आणि बराच वेळ तोंडच उघडत नाही. शेवटी काचेपलीकडच्या बायकोला तो आपलीच गोष्ट सांगतो, तीही तिच्याकडे पाठ करून, टेलिफोनवर. आवाज चढत नाही, हातवारे नाहीत. साठीकडे झुकलेल्या नटाची ही पहिली नायकाची भूमिका, आणि सिनेमाला कान महोत्सवात पाम द'ओर हा सर्वोच्च पुरस्कार.

कोएन बंधूंच्या पहिल्या सिनेमात, 'ब्लड सिंपल'मध्ये, वॉल्शचा खाजगी गुप्तहेर नेमका उलटा. पिवळट सूट, मोठी हॅट, फोक्सवॅगन बीटल, अंगाला घाम आणि स्वतःच्याच विनोदावर हसणं. स्टँटन भूमिकेतून एकेक गोष्ट काढून टाकतो, वॉल्श एकेक चिकटवत जातो. मला वॉल्शचं काम जास्त अवघड वाटतं, कारण एवढा रंग चढवूनही त्याचं सोंग होत नाही. हा माणूस पैशासाठी काहीही करेल, हे हसता हसता पटतं. स्टुडिओंबाहेरच्या सिनेमांसाठीच्या पहिल्या इंडिपेंडंट स्पिरिट पुरस्कारांत प्रमुख अभिनेत्याचा पुरस्कार त्यालाच मिळाला.

पुढे मात्र वॉल्श पुन्हा छोट्या कामांकडे वळला. कोएन बंधूंच्याच 'रेझिंग अ‍ॅरिझोना'त तो कारखान्यातला बडबड्या कामगार आहे, आणि 'नाइव्ह्ज आउट'मध्ये (२०१९) बंगल्याचा म्हातारा रखवालदार. २०२४ साली तो गेला. स्टँटनला नव्वदीत आणखी एक नायकाची भूमिका मिळाली: 'लकी', एकट्या राहणाऱ्या, एकेकाळी नौदलात असलेल्या म्हाताऱ्याची. स्टँटन स्वतः दुसऱ्या महायुद्धात नौदलाच्या जहाजावर स्वयंपाकी होता. सप्टेंबर २०१७मध्ये 'लकी' अमेरिकेत प्रदर्शित होण्याच्या दोन आठवडे आधी तो वारला.