स्कॅनरवर दिसणारा चासी नंबर तिथे आला कसा

ओबीडी पोर्टला, म्हणजे गाडीच्या बिघाडांची माहिती देणाऱ्या स्टिअरिंगखालच्या जोडणीला, स्कॅनर लावला की गाडीचा 17 अक्षरी चासी नंबर पडद्यावर येतो, याचं आज गॅरेजात कोणाला नवल राहिलेलं नाही. पण अमेरिकेत 1996 पासून सगळ्या नव्या कारना हा 16 पिनांचा पोर्ट सक्तीचा झाला, तेव्हा त्याचं काम होतं धुराशी संबंधित बिघाड सांगणं. गाडी कोणती, हे मेकॅनिक स्कॅनरमध्ये स्वतः टाइप करायचा.

नंबराचा इतिहास वेगळा आणि जुना. 1981 पर्यंत प्रत्येक कंपनीची लांबी वेगळी, पद्धत वेगळी. त्या वर्षीच्या मॉडेलपासून अमेरिकेने 17 अक्षरं ठरवली आणि 1 व 0 यांच्याशी गल्लत नको म्हणून आय, ओ, क्यू ही अक्षरं वगळली. नववं स्थान पडताळणीचं: बाकीच्या अक्षरांना ठरलेले आकडे देऊन, स्थानानुसार कमी-जास्त वजनाने गुणून केलेली बेरीज 11 ने भागून उरलेली बाकी तिथे येते, बाकी 10 असेल तर एक्स. ही पडताळणी उत्तर अमेरिकेत बंधनकारक आहे, आपल्याकडे नाही. त्यामुळे परदेशी अ‍ॅपने ‘नंबर अवैध’ म्हटलं तरी एमएटी किंवा एमए3 ने सुरू होणाऱ्या आपल्या गाडीत खोट आहेच असं समजू नये.

पोर्ट आणि नंबर यांची गाठ पडली ती फसवणुकीमुळे. अमेरिकेत धूर-तपासणी नळकांड्याऐवजी पोर्टमधून होऊ लागली आणि लगेच पळवाट निघाली. नापास होणाऱ्या गाडीचे कागद पुढे करायचे आणि केबल शेजारच्या धडधाकट गाडीला लावायची. कॅलिफोर्नियात याला ‘क्लीन प्लगिंग’ म्हणतात. तिथल्या हवा-नियामकांनी 2005 च्या मॉडेलपासून नंबर ईसीएमच्या, म्हणजे इंजिन सांभाळणाऱ्या संगणकाच्या, मेमरीत ठेवणं आणि मागितल्यावर पोर्टमधून देणं सक्तीचं केलं. 2015 मध्ये त्या राज्याने नवी तपासणी-यंत्रणा आणली. ती पोर्टमधून आलेला नंबर नोंदणीतल्या नंबराशी ताडून पाहते.

खरा गुंता ईसीएम बदलण्याचा आहे. भंगारातल्या गाडीचा ईसीएम बसवला, तर गाडी आपली आणि नंबर मेलेल्या गाडीचा. नंबर पुन्हा लिहू दिला नाही, तर प्रामाणिक मालक अडकतो. लिहू दिला, तर चोरालाही वाट मोकळी. नियामकांनी मधला मार्ग काढला. नंबर बदलता येत असेल, तर तो बदलताना धुराशी संबंधित सगळी निदान-माहिती पुसली गेलीच पाहिजे. म्हणजे नंबर लिहिताच ‘रेडिनेस’, म्हणजे ईसीएमने आपल्या चाचण्या पूर्ण केल्याची नोंद, कोरी होते. मग गाडी रोजच्यासारखी चालवून ईसीएमच्या चाचण्या पूर्ण होईपर्यंत तपासणीला नेऊन उपयोग नाही. सचोटीच्या गॅरेजला याचा त्रास होतो, तक्रारही रास्त आहे. तरी हा निर्णय मला योग्य वाटतो, कारण तपासणीच्या दारात उभं राहून नंबर बदलण्यात काही फायदाच उरला नाही. मात्र पोर्टमधला नंबर ईसीएमला काय आठवतं तेवढंच सांगतो. पत्र्यावर काय कोरलंय ते सांगत नाही. जुनी गाडी घेताना स्कॅनर बघून चासीवर बोट न फिरवणाऱ्यांनी हे पक्कं ध्यानात ठेवावं.

स्कॅनर नंबर मागतो ती मागणी फक्त दोन बाइटांची असते: 09 02. कॅन या गाडीतल्या संगणकांच्या जाळ्यावर एका फ्रेममध्ये, म्हणजे एका संदेशात, 8 बाइट मावतात, म्हणून उत्तर तीन तुकड्यांत येतं, 3, 7 आणि 7 अक्षरांचं. के-लाइन या कॅनच्या आधीच्या जुन्या जोडणीवर तेच चार-चार बाइटांच्या पाच संदेशांत येतं आणि 20 ची भरती करायला सुरुवातीला तीन रिकामे बाइट असतात. ते गाळले नाहीत तर नंबर चुकीचा वाटतो.

युरोपात वाद खाजगीपणाचा झाला. 2021 पासून नव्या गाड्या प्रत्यक्ष इंधन-खप साठवतात आणि तांत्रिक तपासणीच्या वेळी तो आकडा नंबरासकट गोळा होतो. मालकाला नकार देता येतो. नोव्हेंबर 2023 मध्ये तिथल्या वरिष्ठ न्यायालयाने सांगितलं की नंबरावरून व्यक्ती शोधण्याची साधनं ज्याच्या हाती आहेत, त्याच्यासाठी हा नंबर व्यक्तिगत माहिती ठरू शकतो.

भारतात चारचाकींना ओबीडीचा पहिला टप्पा एप्रिल 2010 ला आणि दुसरा एप्रिल 2013 ला लागू झाला. बीएस-6 आल्यावर 2020 पासून दुचाकीही त्यात आल्या. पोर्ट आला, पण ज्या कामासाठी त्याला नंबर जोडला गेला ते काम आपण त्याच्याकडून घेतच नाही. पीयूसीवाला अजून सायलेन्सरमध्ये नळी घालतो. पेट्रोल गाडीचा कार्बन मोनॉक्साइड मोजतो, डिझेलच्या धुराची घनता बघतो. स्टिअरिंगखालचा पोर्ट तसाच बंद. प्रत्येक केंद्रावर साधा स्कॅनर ठेवून आरसीवरचा चासी नंबर पोर्टमधल्याशी जुळवायला काय हरकत आहे?

हे करायचं झालं तर भाषाही बदलतेय, याची नोंद घ्यावी लागेल. स्कॅनर आणि गाडी यांच्या संवादाच्या 2021 मध्ये आलेल्या नव्या मानकात 09 02 ची जागा 22 एफ802 ने घेतली. कॅलिफोर्नियात पेट्रोल कारना 2027 च्या मॉडेलपासून ते सक्तीचं आहे. फक्त जुनी मागणी पाठवणाऱ्या डोंगलला (पोर्टमध्ये खोचायच्या छोट्या स्कॅनरला) नव्या मानकाच्या गाडीकडून नंबर मिळेल, असं धरून चालता येणार नाही.