चांगल्या शोमरोन्याचा दाखला

नव्या करारातील लूककृत शुभवर्तमानात (10:25–37) येशूने सांगितलेली गोष्ट. एक शास्त्री त्याला विचारतो, “माझा शेजारी कोण?” उत्तर गोष्टीतून येते. यरुशलेमहून यरीहोकडे उतरणाऱ्या वाटेवर लुटारू एकाला झोडपून अर्धमेला टाकून जातात. आधी याजक (मंदिरातला पुरोहित) येतो, मग लेवी (याजकांचा मदतनीस); दोघेही बघतात आणि पलीकडच्या बाजूने चालू लागतात. थांबतो तो शोमरोनी, म्हणजे यहुदी ज्यांच्याशी संबंध ठेवत नसत त्या समाजातला. तो जखमांवर तेल व द्राक्षारस ओतून पट्ट्या बांधतो, त्याला आपल्या जनावरावर घालून उतारशाळेत नेतो आणि मालकाच्या हाती दोन दिनार ठेवतो. यांतला शेजारी कोण, असे येशू उलट विचारतो तेव्हा शास्त्र्याच्या तोंडून ‘शोमरोनी’ हा शब्द काही निघत नाही. “ज्याने दया केली तो,” एवढेच तो म्हणतो.

याजक का थांबला नाही, यावर लूक गप्प आहे. त्याला प्रेताचा विटाळ टाळायचा असेल, असे सांगितले जाते. पण तो यरुशलेमहून खाली उतरत होता, मंदिरात सेवेला निघाला नव्हता, तेव्हा ही सबब लंगडीच. जॉन डार्ली व डॅनियल बॅटसन या मानसशास्त्रज्ञांना वाटले, तो घाईत असेल. त्यांचा प्रयोग 1973 मध्ये प्रसिद्ध झाला. प्रिन्स्टनच्या धर्मशिक्षण संस्थेतल्या 40 विद्यार्थ्यांना छोटे भाषण द्यायला शेजारच्या इमारतीत पाठवले. निम्म्यांचा विषय हाच दाखला. वाटेत दारापाशी एक जण मान टाकून, डोळे मिटून बसवलेला. कुणी जवळ आले की तो खोकायचा, कण्हायचा. हाताशी वेळ असलेल्यांपैकी 63 टक्क्यांनी मदत केली, ‘उशीर झालाय’ असे सांगून पिटाळलेल्यांपैकी 10 टक्क्यांनी. दाखल्यावर बोलायला निघालेले काही तर त्याला चक्क ओलांडून गेले.

दाखल्याच्या गटाने मदत काहीशी जास्त केली, पण तो फरक संख्याशास्त्राच्या कसोटीला उतरला नाही. नमुना इतका लहान की त्यावरून धर्मशिक्षण वाया जाते म्हणणे उतावीळपणाचे होईल. शिवाय न थांबलेल्यांपैकी बरेच जण पोचले ते अस्वस्थ होऊन. त्यांना दगडी काळजाचे म्हणता येत नाही. पलीकडे कुणीतरी आपल्यासाठी खोळंबले आहे, हेही त्यांच्या मनात होते.

भारतात अपघातस्थळी लोक घुटमळतात त्यामागे घाईइतकेच पोलीस-कोर्टाच्या फेऱ्यांचे भय असते. 2019 च्या दुरुस्तीने मोटार वाहन कायद्यात आलेले कलम 134अ याच भयावर आहे. त्यात मदत करणाऱ्याला ‘गुड समॅरिटन’ म्हणजे चांगला शोमरोनी म्हटले असून, त्याखालच्या 2020 च्या नियमांनुसार स्वतःचे नाव सांगण्याची सक्ती त्याच्यावर नाही.