अभिजात स्तंभरचना (ग्रीक व रोमन)

खांब, त्याखालचा तळखडा, त्यावरचे शीर्ष आणि शीर्षांवर टेकलेला आडवा भाग यांची एकमेकांशी ठरलेली मापे आणि ठरावीक अलंकरण असलेली ग्रीक व रोमन वास्तूंमधील रचना. वास्तुकलेच्या अभ्यासक्रमात तिला ‘ऑर्डर’ म्हणतात. डोरिक, आयोनिक व कॉरिंथियन या तीन रचना ग्रीकांच्या, तर टस्कन व कॉम्पोझिट या दोन रोमनांच्या मानल्या जातात. पाठ्यपुस्तकांतली पाचांची ही यादी इतकी ठाशीव असते की ती प्राचीन काळापासून तशीच चालत आली असावी असे वाटते. ती पक्की झाली सोळाव्या शतकातल्या इटलीत. देवळे आधी उभी राहिली, नियम नंतर लिहिले गेले. त्या नियमांत तंतोतंत बसणारे प्राचीन देऊळ शोधू गेल्यास हाती फारसे काही लागत नाही.

रचना ओळखायची तर शीर्षाकडे पाहावे, असे सहसा शिकवले जाते. साधी उशी दिसली की डोरिक, गुंडाळ्या दिसल्या की आयोनिक, पाने दिसली की कॉरिंथियन. ही खूण सोयीची आहे, पण अपुरी. खांब जमिनीला कसा भेटतो आणि डोक्यावर काय वाहतो, हे पाहिल्याशिवाय रचना कळत नाही. डोक्यावरच्या आडव्या भागाला एन्टॅब्लेचर म्हणतात. त्याचे तीन थर असतात: खांबांवरून जाणारी दगडी तुळई म्हणजे आर्किट्रेव्ह, तिच्यावरची पट्टी म्हणजे फ्रीझ आणि सर्वांत वर पुढे आलेली कंगणी म्हणजे कॉर्निस. सगळी मापे खांबाच्या बुंध्याच्या व्यासावरून किंवा त्याच्या निम्म्यावरून काढतात. त्यामुळे देऊळ लहान असो वा मोठे, भागांचे आपसातले नाते टिकून राहते.

डोरिक रचना सर्वांत जुनी. मुख्य ग्रीस आणि दक्षिण इटली व सिसिलीतल्या ग्रीक वसाहती हा तिचा मुलूख. खांबाला तळखडा नसतो. तो जोत्यावर थेट उभा राहतो. दंडावर बहुधा 20 उथळ पन्हळी असतात आणि दोन पन्हळी जिथे मिळतात तिथे धारदार कड उरते. शीर्ष म्हणजे एक गोल फुगवटा आणि त्यावर चौकोनी जाड फळी, बस्स. मात्र फ्रीझ बोलकी असते. उभ्या खाचांचे ठोकळे (ट्रायग्लिफ) आणि त्यांच्यामधले चौकोन (मेटोप) तिच्यात एकाआड एक येतात. ठोकळ्यांखाली आणि कंगणीच्या पोटाला दगडातच कोरलेल्या बारीक खुंट्या असतात. दगडी बांधकामात खुंटीला काहीच काम नाही. म्हणूनच हा सगळा साज मूळच्या लाकडी देवळांचा असून सुतारकामातली तुळयांची टोके, वासे आणि खुंट्या दगडात उतरल्या, असे मत फार जुने आहे. पहिल्या शतकात (इ. स. पू.) लिहिणारा रोमन वास्तुविद व्हिट्रुव्हियस हेच सांगतो. तपशिलात जाऊ लागले की हे मत अडखळते: ट्रायग्लिफ जर तुळयांची टोके असतील, तर ती देवळाच्या चारही बाजूंना कशी दिसतील?

तरी लाकडाकडून दगडाकडे झालेल्या प्रवासाचा एक पुरावा ऑलिंपियाच्या हेरा मंदिरात अजून पाहता येतो. इ. स. पू. 600 च्या सुमारास बांधलेल्या या देवळाचे खांब सुरुवातीला लाकडी होते आणि ते एकेक करून दगडात बदलले गेले, असे मानतात. ज्या पिढीने जो खांब बदलला, त्या पिढीच्या चालीचे शीर्ष त्याला मिळाले. त्यामुळे एकाच देवळात पसरट, जडशीळ शीर्षेही आहेत आणि आटोपशीर, ताठ शीर्षेही. दुसऱ्या शतकात (इ. स.) तिथे गेलेल्या पॉसेनियस या ग्रीक प्रवाशाने मागच्या दालनातला एक खांब तेव्हाही ओकच्या लाकडाचा असल्याची नोंद केली आहे.

डोरिक रचनेची खरी अडचण कोपऱ्यावर होती. ट्रायग्लिफ खांबाच्या मध्यरेषेवर यावा हा एक संकेत. फ्रीझचा शेवट कोपऱ्यावर ट्रायग्लिफनेच व्हावा हा दुसरा. तुळई ट्रायग्लिफपेक्षा जाड असल्याने कोपऱ्यावर दोन्ही संकेत एकदम पाळता येत नाहीत. शेवटचा ट्रायग्लिफ कडेला सरकवला की त्याच्या शेजारचा मेटोप रुंद होतो आणि डोळ्याला खटकतो. ग्रीकांनी यावर काढलेली तोड अशी की कोपऱ्यातला खांबच आत घ्यायचा. अथेन्सच्या पार्थेनॉन या देवळात (इ. स. पू. 447–432) दोन खांबांच्या मध्यांतले नेहमीचे अंतर सुमारे 4.3 मी. आहे, तर कोपऱ्यात ते सुमारे 3.7 मी. भरते. शिवाय कोपऱ्याचे खांब इतरांहून किंचित जाड आहेत, कारण उघड्या आभाळाच्या पार्श्वभूमीवर ते बारीक दिसतील अशी धास्ती होती. व्हिट्रुव्हियसच्या सांगण्याप्रमाणे काही वास्तुविदांनी याच कटकटीपायी देवळासाठी डोरिक रचना नकोच असे ठरवले. त्यांपैकी हर्मोजेनीझने तर डोरिक देवळासाठी तयार करून ठेवलेला संगमरवर वापरून डायोनिससचे आयोनिक देऊळ उभारले.

इक्टायनस व कॅलिक्रेटीझ यांनी बांधलेले पार्थेनॉन डोरिक रचनेचा कळस म्हणून दाखवले जाते. त्यात दर्शनी बाजूला 8 आणि लांबीकडे 17 खांब असून प्रत्येकाची उंची सुमारे 10.4 मी. आहे. खांब सरळ निमुळते होत नाहीत, मध्ये अगदी थोडे फुगतात (या फुगवट्याला एन्टासिस म्हणतात). जोतेही सपाट नाही: मध्यभागी ते लांब बाजूला सुमारे 11 सेंमी., तर आखूड बाजूला सुमारे 6 सेंमी. उचललेले आहे. हा बाक दृष्टिभ्रम टाळण्यासाठी, पाण्याच्या निचऱ्यासाठी की दगडाला जिवंतपणा यावा म्हणून, यावर वाद आहे. पण एवढा बाक धरायचा तर जवळपास प्रत्येक दगडाची घडण वेगळी करावी लागते, आणि पाथरवटांनी ती केली हे नक्की. याच देवळात गाभाऱ्याच्या भिंतीवरून सुमारे 160 मी. लांबीची अखंड शिल्पपट्टी फिरते, आणि अखंड पट्टी हे तर आयोनिक रचनेचे लक्षण. डोरिकचा आदर्श म्हणून गौरवलेली इमारतच शुद्ध डोरिक नाही.

आयोनिक रचना वाढली ती इजियन समुद्राची बेटे आणि आजच्या तुर्कस्तानचा पश्चिम किनारा या भागात. खांब सडपातळ, त्याला गोल कड्यांचा तळखडा, दंडावर साधारणपणे 24 खोल पन्हळी आणि दोन पन्हळींमध्ये धारेऐवजी चपटी पट्टी. शीर्षावर दोन बाजूंना उतरणाऱ्या गुंडाळ्या (व्होल्यूट). हे शीर्ष समोरून आणि मागून देखणे असले तरी बाजूने गुंडाळलेल्या वळकटीसारखे दिसते. म्हणजे कोपऱ्याची अडचण इथेही आलीच, फक्त ती फ्रीझऐवजी शीर्षात आली. उपाय म्हणून कोपऱ्यातल्या शीर्षाच्या दोन लगतच्या बाजूंना गुंडाळ्या काढून त्यांची भेट तिरकी, 45 अंशांत बाहेर ओढत. अथेन्समधल्या ॲक्रोपोलिस टेकडीवरचे अथीना नाइकीचे छोटे देऊळ आणि तिथलेच एरेख्थिऑन हे देऊळ (इ. स. पू. पाचव्या शतकाची अखेर) ही या रचनेची नामांकित उदाहरणे. एरेख्थिऑनच्या दक्षिण पडवीत तर खांबांच्या जागी सहा स्त्रीमूर्तीच छत पेलतात. त्यांपैकी एक ब्रिटिश म्युझियममध्ये आहे, बाकीच्या मूळ मूर्ती अथेन्सच्या ॲक्रोपोलिस म्युझियममध्ये ठेवून जागेवर प्रतिकृती बसवल्या आहेत.

व्हिट्रुव्हियसने या रचनांना माणसांची रूपे दिली. डोरिक पुरुषाच्या अंगलटीची, म्हणून उंची बुंध्याच्या व्यासाच्या सहापट. आयोनिक प्रौढ स्त्रीच्या, म्हणून मुळात आठपट. कॉरिंथियन तरुणीच्या नाजूकपणाची. ही कल्पना पुढच्या काळात अतोनात लोकप्रिय झाली, पण प्रत्यक्ष खांब मोजले तर तिचा फारसा उपयोग होत नाही. पार्थेनॉनचे खांब जेमतेम साडेपाचपट भरतात.

कॉरिंथियन शीर्षाच्या जन्माची कथाही व्हिट्रुव्हियसनेच सांगितलेली. कॉरिंथमध्ये एक लग्नाच्या वयाची मुलगी वारली. तिच्या दाईने तिच्या आवडीच्या वस्तू टोपलीत भरून थडग्यावर ठेवल्या आणि पावसापाण्यापासून जपण्यासाठी वर कौल झाकले. टोपली नेमकी ॲकँथस या रुंद, कातरलेल्या पानांच्या झाडाच्या मुळावर आली. वसंतात पालवी फुटली, पाने टोपलीभोवती चढली आणि कौलाच्या कोपऱ्यांना अडून बाहेर वळली. तिथून जाणाऱ्या कॅलिमॅकस या शिल्पकाराने ते पाहून शीर्ष घडवले. कथा खरी असो नसो, शीर्षाचे वर्णन मात्र चोख आहे: टोपलीचा घाट, भोवती पानांच्या दोन रांगा, कोपऱ्यांत वळणारे देठ आणि वर फळी. या शीर्षाला चारही बाजू सारख्या असल्याने कोपऱ्याचा प्रश्नच मिटतो. रोमनांनी ते उचलून धरले, त्यामागे हे एक व्यावहारिक कारण असावे.

सर्वांत जुने ज्ञात कॉरिंथियन शीर्ष ग्रीसमधील बॅसी येथील अपोलो मंदिरात, इ. स. पू. पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात, एकाच खांबावर होते. त्या देवळात बाहेर डोरिक, आत आयोनिक आणि आतल्या टोकाला हा एकटा कॉरिंथियन, अशा तिन्ही रचना एकत्र नांदतात. मूळ शीर्ष नष्ट झाले. एकोणिसाव्या शतकात काढलेल्या चित्रांवरून ते माहीत आहे. बाहेरच्या बाजूला ही रचना येते ती अथेन्सच्या लायसिक्रेटीझ स्मारकात (इ. स. पू. 334 च्या सुमारास). अथेन्समध्येच ऑलिंपियन झ्यूसचे प्रचंड देऊळ सहाव्या शतकात (इ. स. पू.) सुरू झाले, रखडले, पुढे कॉस्यूशियस या रोमन वास्तुविदाने कॉरिंथियन रचनेत हाती घेतले आणि अखेर सम्राट हेड्रियनने इ. स. 131–132 मध्ये पुरे केले. त्याच्या 104 खांबांपैकी 15 उभे आहेत. सोळावा 1852 च्या वादळात पडला तो अजून तिथेच आडवा आहे.

रोमनांनी रचना उचलल्या, पण त्यांचे काम बदलले. ग्रीक खांब भार वाहतो. रोमन बांधकामात भार कमानी, जाड भिंती आणि काँक्रीट वाहतात. रोममधील कोलोसियमच्या बाहेरच्या भिंतीत (उद्‌घाटन इ. स. 80) कमानींच्या ओळींवर अर्धे खांब चिकटवले आहेत: तळाला टस्कन धाटणीचे, वर आयोनिक, त्यावर कॉरिंथियन आणि सर्वांत वरच्या मजल्यावर कॉरिंथियन शीर्षांचे चपटे भित्तिस्तंभ. खाली जड, वर नाजूक ही चढण पुढे नियमच होऊन बसली. खांब काढून टाकले तरी इमारत उभी राहील, म्हणून ही नुसती सजावट असे म्हणण्याचा मोह होतो. पण एवढ्या मोठ्या, एकसुरी कमानींच्या भिंतीला माप आणि ताल देण्याचे काम तेच करतात. रोममधल्याच पॅन्थिऑन या देवळाच्या पडवीत मात्र खांब खरोखर छत पेलतात. इजिप्तहून आणलेल्या ग्रॅनाइटचे ते 16 अखंड खांब सुमारे 12 मी. उंच आहेत.

टस्कन म्हणजे पन्हळी नसलेले, साधेसुधे, तळखडा असलेले डोरिक. कॉम्पोझिटमध्ये कॉरिंथियन पानांवर आयोनिक गुंडाळ्या बसवतात. पहिल्या शतकाच्या अखेरच्या, रोममधील सम्राट टायटसच्या विजयकमानीवर ते दिसते. व्हिट्रुव्हियसच्या ग्रंथात कॉम्पोझिट नाही. पाचांची एकत्र मांडणी सेर्लिओ या इटालियन वास्तुविदाने 1537 मध्ये केली. विन्योला या दुसऱ्या इटालियन वास्तुविदाने 1562 मध्ये ती गणितात बसवली: टस्कन खांब व्यासाच्या 7 पट, डोरिक 8, आयोनिक 9, उरलेले दोन्ही 10 पट, एन्टॅब्लेचर खांबाच्या एक चतुर्थांश. हिशेब इतका सुटसुटीत की पुढची तीनेकशे वर्षे युरोपभर गवंड्यापासून वास्तुविदापर्यंत सगळ्यांनी तो वापरला. त्यात ग्रीक देवळांचा विचार जवळजवळ नव्हता. ती मोजून छापली गेली अठराव्या शतकात, स्टुअर्ट व रेव्हेट या ब्रिटिश वास्तुविदांच्या अथेन्सवरील ग्रंथात (पहिला खंड 1762). तळखडा नसलेला बुटका, दणकट डोरिक खांब पाहून तेव्हाच्या अनेक जाणकारांना तो रानटी वाटला.

भारतीय उपखंडात या रचना दोनदा आल्या. अलेक्झांडरनंतरच्या शतकांत गांधार भागात कॉरिंथियन शीर्षे घडवली गेली, आणि काहींच्या ॲकँथस पानांमध्ये बुद्धमूर्ती बसलेली दिसते. दुसऱ्यांदा त्या समुद्रमार्गे आल्या, आणि महाराष्ट्र व गोव्यात वेगवेगळ्या वाटांनी. मुंबईचा टाउन हॉल (1833; आज एशियाटिक सोसायटीचे ग्रंथालय) कर्नल टॉमस काउपर याने ग्रीक धाटणीवर आखला. रुंद पायऱ्या चढून गेल्यावर समोर येणारे आठ खांब डोरिक आहेत, आणि त्यांमागे अथेन्सच्या मोजमापांतून उठलेली ग्रीक पुनरुज्जीवनाची लाट आहे. जुन्या गोव्यात आली ती इटालियन प्रबोधनकाळाची परंपरा, पोर्तुगीजांमार्फत. बाँ जेझू बासिलिकेच्या (1594–1605) जांभ्या दगडातल्या दर्शनी भिंतीत डोरिक, आयोनिक, कॉरिंथियन आणि कॉम्पोझिट घटक एकत्र आले आहेत. से कॅथीड्रल बाहेरून टस्कन आणि आतून कॉरिंथियन आहे. त्याचे काम सुरू झाले 1562 मध्ये, विन्योलाचा ग्रंथ इटलीत निघाला त्याच वर्षी.