नेपच्यून तलाव, हर्स्ट कॅसल

नेपच्यून तलाव : अमेरिकेच्या कॅलिफोर्निया राज्यातील सॅन सिमियन येथे, पॅसिफिक किनाऱ्यालगतच्या डोंगरावर वसलेल्या हर्स्ट कॅसल या भव्य निवासातील खुला जलतरण तलाव. वृत्तपत्रसम्राट विल्यम रँडॉल्फ हर्स्ट यांच्यासाठी वास्तुकार जूलिया मॉर्गन यांनी तो बांधला. हर्स्ट यांचे समाधान लवकर होत नसे. १९२४ ते १९३६ या बारा वर्षांत तलाव तीनदा आकाराला आला आणि दर वेळी मोठा होत गेला. आज दिसतो तो तिसरा. त्याची लांबी १०४ फूट असून त्यात सुमारे १३ लाख लिटर पाणी मावते.

काठावरच्या, रोमन मंदिरासारख्या शोभेच्या वास्तूच्या दर्शनी भागात इटलीहून आणलेले प्राचीन रोमन अवशेष बसवले आहेत. त्याच्या माथ्यावर रोमन समुद्रदेव नेपच्यून आहे. मराठीत त्याच्या नावाच्या ग्रहाला वरुण म्हणतात. तलावाचे नाव या मूर्तीवरूनच पडले.

हर्स्ट १९५१ मध्ये वारले. १९५७ मध्ये ही वास्तू राज्याकडे आली आणि १९५८ पासून लोकांना पाहता येऊ लागली. तलाव मात्र झिरपत होता. गळती वाढत जाऊन दिवसाला हजारो लिटर पाणी वाया जाऊ लागले. त्यात अवर्षण पडले, आणि २०१४ मध्ये तलाव रिकामा करावा लागला. पुढची चार वर्षे पर्यटकांना कोरडा खड्डाच दिसला. तो तसाच ठेवणे स्वस्त पडले असते. पण खांबांचे आणि आकाशाचे प्रतिबिंब हाच या रचनेचा अर्धा भाग आहे. पाण्यावाचून मॉर्गन यांचे काम कळतच नाही. म्हणून जुनी फरशी काढून गळतीरोधक थर दिला आणि व्हरमाँटच्या संगमरवराच्या सुमारे दहा हजार फरश्या नव्याने बसवल्या. ऑगस्ट २०१८ मध्ये तलाव पुन्हा भरला. जतनाचे हे काम मूळ बांधकामाइतकेच मोलाचे मानायला हवे.

पायथ्याच्या केंद्रापासून बसने वर जावे लागते. एरवी पर्यटकांना पोहण्याची मुभा नाही. वाटाड्यासोबतची फेरी संपल्यावर तलावाकाठी हवा तेवढा वेळ थांबता येते. घाई करू नये. परतीच्या बसआधी टेनिस मैदानांखालचा रोमन तलाव लागतो. निळ्या-सोनेरी काचतुकड्यांची त्याची नक्षी इटलीतील राव्हेन्ना येथील पाचव्या शतकातल्या, रोमन सम्राज्ञी गाला प्लासिदियाच्या समाधीवरून सुचलेली आहे.