अंबरग्रीसबंदीची पार्श्वभूमी : जप्ती घाटावर, संकट समुद्रात

कोल्हापुरात व्हेलची बातमी येते ती बहुधा पोलीस कारवाईची. कोकणातून घाट चढून आलेला माल, सापळ्यात अडकलेले दोघे-तिघे आणि मथळ्यात ‘कोट्यवधींची उलटी’. किमतीच्या या आकड्यांनीच नवनवे लोक या धंद्याकडे ओढले जातात.

ही ‘उलटी’ म्हणजे अत्तरांत वापरलं जाणारं अंबरग्रीस. ते तयार होतं स्पर्म व्हेलच्या आतड्यात. स्क्विडच्या (माकुलाच्या) न पचलेल्या चोची तिथे साठतात आणि त्यांच्याभोवती मेणचट थर चढत जातो. बाहेर पडलेला गोळा काळपट आणि उग्र वासाचा असतो. वर्षानुवर्षं खाऱ्या पाण्यात तरंगून तो राखाडी, हलका आणि सुगंधी होतो. या जातीच्या माद्या व पिल्लं उष्ण समुद्रातच राहतात, मोठे नर ध्रुवांकडच्या थंड पाण्यापर्यंत जातात. त्यामुळे किनाऱ्याला लागलेला गोळा मुळात कुठला, हे सांगणं कठीण.

खरा वाद आहे कायद्याचा. वन्यजीव व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय करारानुसार स्पर्म व्हेलच्या अवयवांचा व्यापार बंद आहे, पण आपोआप बाहेर पडलेलं अंबरग्रीस टाकाऊ पदार्थ मानून त्यातून वगळलं आहे. भारताने ही सवलत दिली नाही. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्यातल्या, प्राण्यांपासून मिळणाऱ्या पदार्थांच्या व्याख्येत आज कस्तुरीच्या शेजारी अंबरग्रीसचं नाव आहे. अशी वस्तू हाती आली तर 48 तासांत पोलिसांना किंवा वनखात्याला कळवावं लागतं. ती सरकारी मालमत्ता ठरते. आरोपींच्या बाजूने मुद्दा मांडला जातो तो असा, की प्राणी मारलाच नाही तर शिकारीच्या कायद्याचा बडगा कशाला? वरकरणी हे बिनतोड वाटतं. पण समोरचा गोळा वाळूत वेचलेला की व्हेलचं पोट फाडून काढलेला, हे खरेदीदाराला कसं कळणार? वेचलेल्या मालाला बाजार खुला केला की दुसराही त्याच पावतीवर खपेल. म्हणून बंदी योग्यच आहे. भाव वाढवून सांगणाऱ्या दलालांना सोडून घाटात गाडी चालवणाऱ्याला धरल्याने मात्र ती बंदी राबवली असं होत नाही.

व्हेलच्या शिकारीचा इतिहास मोठा आहे. आपल्या समुद्रापुरता सांगायचा तर 1960 च्या दशकात सोव्हिएत जहाजांनी अरबी समुद्रात हंपबॅक जातीचे 242 व्हेल चोरून मारले. इथले हंपबॅक इतरांसारखे ध्रुवाकडे जात नाहीत, बारा महिने इथेच असतात. ओमानजवळच्या गणनेत ते शंभरही भरले नाहीत. 2017 मध्ये तिथे टॅग लावलेली एक मादी समुद्र ओलांडून गोव्यापर्यंत आणि पुढे भारताच्या दक्षिण टोकापर्यंत आली, म्हणजे ओमान आणि आपला किनारा हे एकाच कळपाचं घर असावं. 1979 मध्ये आंतरराष्ट्रीय व्हेलिंग आयोगाने व्हेलसाठी हिंदी महासागर अभयारण्य जाहीर केलं. त्याच आयोगाच्या 1982 च्या ठरावाने 1986 पासून व्यापारी शिकारीवर बंदी आली, तरी काही देशांनी ती मानली नाही.

आज धोका आहे तो जाळ्यांचा आणि जहाजांच्या धडकेचा. 2023 च्या नोव्हेंबरात गणपतीपुळ्याला किनाऱ्यावर आलेलं व्हेलचं पिल्लू दोन दिवस खपून समुद्रात सोडलं, तरी वाचलं नाही. रत्नागिरी-सिंधुदुर्ग कोल्हापूर वनवृत्तातच येतात. जाळं कापून संरक्षित प्राणी सोडणाऱ्या मच्छीमाराला 25 हजार रुपयांपर्यंत भरपाई देण्याची योजना राज्याने 2018 मध्ये आणली. मोठ्या जाळ्याच्या खर्चापुढे ही रक्कम तोकडी आहे, ती वाढायला हवी.