ब्रिटिश दुय्यम नटांच्या कारकिर्दीतली पोकळी : पार्श्वभूमी

1955 ते 1975 या काळात ब्रिटिश टीव्हीवर इन्स्पेक्टर, बटलर, डॉक्टर अशा भूमिका करत राहिलेल्या नटाची यादी पाहिली, तर चित्रपट सापडतात; टीव्हीचे बहुतेक भाग मात्र नुसते कागदावर. काम भरपूर होतं, फिती उरल्या नाहीत.

चित्रपटांचा पाया आधीचा. 1927 च्या कायद्याने ब्रिटिश चित्रपटांचा कोटा ठरला आणि फिल्मच्या फुटाला एक पौंड खर्च या हिशेबाने झटपट चित्रपट निघू लागले. नट दिवसा स्टुडिओत, रात्री नाटकात.

टीव्हीवर नाटकं थेट होत. रविवारी झालेलं नाटक पुन्हा दाखवायचं तर तोच नटसंच गुरुवारी परत उभा राहून प्रयोग करी, त्यामुळे दुसऱ्यांदाही काम मिळे. 1958 पासून दोन इंची व्हिडिओ फीत आली आणि हे दुसरं काम धोक्यात आलं. नटांच्या संघटनेने पुनःप्रक्षेपणाचं मानधन मागितलं, शिवाय किती वेळा आणि किती वर्षांत दाखवायचं याला मर्यादा घातली. मुदत संपली की पुन्हा संमती, पुन्हा पैसे.

फिती पुसल्या गेल्याचं खापर आजही या अटीवर फोडलं जातं. ते अर्धंच खरं आहे. तासाभराला साडेचार हजार फुटांच्या आसपास लागणारी ही फीत महाग होती आणि पुसून पुन्हा वापरता येई. कापून जोडलेली फीत मात्र पुनर्वापराला अडचणीची ठरे. म्हणून शक्यतो न कापता, सलग चित्रण करण्याकडे कल असे. दुय्यम नट अडखळला तरी ते तसंच राही. पण खरी गोम बीबीसीच्या कारभारात होती. फिल्म सांभाळणारं ग्रंथालय वेगळं, फिती अभियांत्रिकी विभागाकडे, परदेशी विक्रीच्या 16 मिमी प्रती तिसऱ्याच खात्याकडे. जपणूक ही कुणाचीच जबाबदारी नव्हती. त्यात टीव्हीचं चित्र 405 आडव्या रेषांवरून 625 वर आणि 1967 पासून रंगीतकडे वाटचाल झाली, तसा कृष्णधवल मालाला भाव उरला नाही. जपणुकीचं ठोस धोरण आलं 1978 च्या सुमारास. संघटनेने आपल्या सभासदांची मिळकत राखली, यात गैर काही दिसत नाही.

सापडलं ते बहुतेक परदेशी प्रतींतून. 2013 साली नायजेरियातल्या जोस शहरातून 'डॉक्टर हू' या विज्ञानकथा-मालिकेचे नऊ हरवलेले भाग मिळाल्याचं जाहीर झालं. त्याच मालिकेचे नव्वदहून अधिक भाग तरीही बेपत्ता होते. त्यांचे संवाद प्रेक्षकांनी घरी टेपवर घेतलेल्या ध्वनिमुद्रणांतून ऐकता येतात.

कारकीर्द जुळवायची तर कार्यक्रमपत्रिकेच्या साप्ताहिकातली पात्रयादी पुरेशी नाही. अंक आधीच छापला जाई, त्यामुळे ऐनवेळी बदललेला नट त्यात नसे. रेडिंगजवळच्या कॅव्हरशॅम इथल्या बीबीसीच्या लेखी संग्रहात प्रक्षेपणानंतर केलेली नोंदपत्रकं आहेत. दोन्हींत फरक पडला तर नोंदपत्रक धरावं. नाव वेगळं म्हणून माणूसही वेगळा, असं मात्र समजू नये. एका नावाचे दोन सभासद संघटनेत चालत नसत. नव्याला आद्याक्षर घालून किंवा आईचं माहेरचं आडनाव लावून नाव बदलावं लागे. त्यामुळे एकाच नटाच्या सुरुवातीच्या आणि नंतरच्या नोंदी दोन नावांखाली विखुरलेल्या असू शकतात.